बंधाऱ्याचा दगड: शासकीय कामातील गैरव्यवहाराच्या तपासासाठी केलेल्या अर्जाचा प्रकरण अभ्यास

पार्श्वभूमी

हे प्रकरण रत्नागिरी जिल्ह्यातील खाडीकाठच्या एका गावाचे आहे. गाव, माणसे आणि कार्यालये ओळखता येऊ नयेत म्हणून काही तपशील बदलले आहेत व काही ठिकाणी एकत्र केले आहेत. कायद्याची वाट आणि त्या वाटेवरची वळणे मात्र अशा प्रकरणांत जशी येतात तशीच ठेवली आहेत.

गावाची निम्मी भातशेती खारबंधाऱ्याच्या आतल्या खाजणात, म्हणजे खाडीलगतच्या सखल खारजमिनीत आहे. बंधारा भरतीचे पाणी अडवतो. उघाडीच्या झडपा ओहोटीला आतले पावसाचे पाणी बाहेर सोडतात आणि भरती चढू लागली की मिटतात. ही व्यवस्था नीट राहावी म्हणून राज्यात १९७९ चा खारभूमी विकास अधिनियम आहे, आणि अशा बंधाऱ्यांची देखभाल शासनाकडे येते. बंधारा मातीचा असला तरी त्याचा जीव खाडीकडच्या उतारावरील दगडी पिचिंगमध्ये, म्हणजे रचून बसवलेल्या दगडांच्या थरात असतो. पिचिंग नसेल तर पौर्णिमा-अमावस्येच्या उधाणात लाटा पायथ्याची माती ओढून नेतात आणि भगदाड पडते.

मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळ कोकण किनाऱ्याला समांतर सरकत गेले, तेव्हा या बंधाऱ्याचे पिचिंग बऱ्याच लांबीत ढासळले. दुरुस्ती मंजूर झाली, निविदा निघाली आणि एका स्थानिक ठेकेदाराला कार्यारंभ आदेश मिळाला. मार्च २०२२ अखेर अंतिम देयक निघाले. झालेल्या कामाची मापे जिच्यात लिहितात त्या मोजमाप पुस्तिकेत, म्हणजे सगळे जिला एम. बी. म्हणतात तिच्यात, पिचिंग पूर्ण लांबीत झाल्याची नोंद होती. प्रत्यक्षात एप्रिलमध्येही पोकलेन माती ओढत होते, आणि दगड बसला होता तो उघाडीच्या दोन्ही बाजूंना व रस्ता बंधाऱ्याला जिथे भिडतो त्या टोकाला. साहेबांची गाडी जिथपर्यंत जाते तिथपर्यंतच दगड आहे, असे गावात तेव्हाच बोलले जात होते.

जुलै २०२२ मधल्या उधाणात, वरून मुसळधार पाऊस चालू असताना, पिचिंग नसलेल्या भागात बंधारा फुटला. लावणी झालेल्या खाचरांत खारे पाणी शिरले आणि त्या वर्षीचे पीक गेले. जमिनीत बसलेला खार एका पावसाने धुऊन जात नाही. पुढच्या हंगामात काहींनी खारजमिनीसाठी विकसित केलेले पनवेल जातीचे बियाणे पेरून पाहिले, तर बहुतेकांनी जमीन पडीक ठेवली.

प्रश्न

गणपतीत चाकरमानी गावी आले तेव्हा देवळात बैठक झाली. पुढाकार तिघांचा होता: एक निवृत्त प्राथमिक शिक्षक, ज्यांना सगळे गुरुजी म्हणतात, मुंबईच्या ग्रामस्थ मंडळाचे सचिव, आणि स्वतःची जमीन पाण्याखाली गेलेल्या एक शेतकरी बाई, ज्यांना येथे काकी म्हटले आहे. बैठकीतच दोन मागण्या एकमेकींत मिसळल्या. पहिली मागणी बंधारा पुढच्या पावसाआधी बांधण्याची होती. दुसरी, खोटे मोजमाप लिहून पैसे उचलणाऱ्यांवर गुन्हा दाखल होऊन तपास होण्याची. काकींचे म्हणणे स्पष्ट होते: "आधी भगदाड बुजवा, चोर मागाहून धरा." सचिवांना वाटत होते की चौकशी लागली की खाते घाबरून बंधारा आपोआप बांधेल. बैठकीने सचिवांचे मत उचलले. या प्रकरणातला पहिला निर्णय तिथे झाला आणि तो कोणालाही निर्णय वाटला नाही.

मूळ तक्रार थोडक्यात अशी होती. कनिष्ठ अभियंत्याने मोजमाप लिहिले, उपअभियंत्याने ते तपासल्याची सही केली, ठेकेदाराने पैसे घेतले, आणि काम तितके झालेच नव्हते. हे खरे असल्यास भारतीय दंड संहितेप्रमाणे लोकसेवकाने केलेला विश्वासघात (कलम ४०९), फसवणूक (कलम ४२०) आणि हिशेबात खोट्या नोंदी (कलम ४७७-अ) हे गुन्हे होते, आणि त्यांतले पहिले दोन दखलपात्र, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलिसांना तपास करता येतो असे होते. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की पोलिसांनी एफआयआर नोंदवलीच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ललिता कुमारी प्रकरणात नोव्हेंबर २०१३ मध्ये सांगितले आहे. त्याच निकालात भ्रष्टाचाराच्या तक्रारी आणि बराच विलंब झालेल्या तक्रारी यांत आधी प्राथमिक चौकशी करण्याची मोकळीकही आहे. तक्रारदार निकालाचा पहिला भाग दाखवतात आणि पोलीस ठाणे दुसऱ्या भागावर बोट ठेवते.

समोर असलेले पर्याय

गावासमोर वाटा अनेक होत्या. कार्यकारी अभियंत्याकडे किंवा दक्षता व गुणनियंत्रण शाखेकडे तक्रार करता येत होती. महिन्याच्या पहिल्या सोमवारी भरणाऱ्या लोकशाही दिनात जिल्हाधिकाऱ्यांपुढे अर्ज ठेवता येत होता. गुरुजींनी तो ठेवला, आणि तो "उचित कार्यवाहीसाठी" खाली सरकत सरकत ज्या उपअभियंत्याविरुद्ध होता त्याच्याच टेबलावर पोहोचला. १९७१ च्या कायद्याखाली लोकायुक्तांकडे शपथेवर तक्रार करता येत होती. तिथे खर्च जवळजवळ नाही आणि कागद मागवण्याचे अधिकार आहेत, पण शेवट शिफारशीत होतो. सचिवांना शिफारस नको होती.

लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा पर्याय अधिक विचार करण्याजोगा होता. गावात हा विभाग सापळ्यासाठी ओळखला जातो, पण लाच मागितली नसतानाही अपहाराच्या आरोपाची गोपनीय किंवा उघड चौकशी तो करू शकतो. अडचण भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियमात २०१८ साली घातलेल्या कलम १७-अ ची होती. लोकसेवकाने पदाच्या कामात केलेली शिफारस किंवा घेतलेला निर्णय याच्याशी आरोपाचा संबंध असेल, तर चौकशीआधी सक्षम प्राधिकाऱ्याची मंजुरी लागते. त्यासाठी तीन महिन्यांची मुदत आहे आणि कारणे लिहून ती एक महिन्याने वाढवता येते. न मोजलेले मोजल्याचे लिहिणे हा निर्णय कसा म्हणायचा, असा युक्तिवाद करता येतो. पण तो करण्यासाठी आधी न्यायालय गाठावे लागते, आणि तोवर फाइल मंजुरीच्या रांगेत असते. गावाने २०२३ च्या सुरुवातीला दिलेला अर्ज असाच मंजुरीसाठी गेला व बराच काळ तिथेच राहिला.

पोलिसांची वाट क्रमाने जाणारी आहे. आधी ठाणे, तिथे नकार मिळाला तर पोलीस अधीक्षकांना लेखी अर्ज, आणि तरीही काही न झाल्यास न्यायदंडाधिकाऱ्यांकडे तपासाच्या आदेशासाठी अर्ज. तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे टप्पे कलम १५४ आणि कलम १५६(३) मध्ये होते. ठाण्याने गुरुजींना समजपत्र दिले: बाब खात्यांतर्गत स्वरूपाची आहे, सक्षम न्यायालयात दाद मागावी. अधीक्षकांना नोंदणीकृत डाकेने पाठवलेल्या अर्जाला उत्तर आले नाही.

शेवटची वाट थेट मुंबई उच्च न्यायालयाची होती. तिचे आकर्षण समजण्यासारखे आहे. ५ एप्रिल २०२१ रोजी त्याच न्यायालयाने तत्कालीन गृहमंत्र्यांवरील आरोपांची प्राथमिक चौकशी पंधरा दिवसांत करण्याचा आदेश सीबीआयला दिल्याचे सर्वांनी वाचले होते. एका याचिकेने राज्याचा मंत्री चौकशीच्या फेऱ्यात येतो, तर उपअभियंता का येणार नाही, असा सचिवांचा सवाल होता. त्या प्रकरणात राज्याचे पोलीस ज्यांच्या हाताखाली होते त्यांच्यावरच आरोप होता, म्हणून स्वतंत्र यंत्रणेची गरज न्यायालयाला वाटली होती. खाडीवरच्या बंधाऱ्याच्या उपअभियंत्याचा तालुक्याच्या पोलीस निरीक्षकावर काही अधिकार चालत नाही. राज्याच्या संमतीशिवायही सीबीआय तपासाचा आदेश देण्याचा अधिकार उच्च न्यायालयांना आहे, हे २०१० च्या घटनापीठाने मान्य केले. तो अधिकार क्वचित आणि अपवादात्मक परिस्थितीतच वापरावा, असेही त्याच निकालात बजावले आहे.

पहिली कृती: कागद गोळा करणे

याचिकेआधी गुरुजींनी माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करून अंदाजपत्रक, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेच्या प्रती आणि अंतिम देयक मागवले. तीस दिवसांची मुदत उलटली, पहिले अपील झाले आणि मग कागद मिळाले. मधल्या काळात पोलिसांत तक्रार गेली होती. त्यामुळे गुणनियंत्रण चाचण्यांचे अहवाल मागणाऱ्या दुसऱ्या अर्जाला उत्तर आले की चौकशी सुरू असल्याने माहिती देता येत नाही. तपासात अडथळा येईल अशी माहिती नाकारण्याची तरतूद कायद्याच्या कलम ८ मध्ये आहे. केवळ चौकशी चालू आहे एवढे कारण त्यासाठी पुरत नाही आणि अडथळा कसा येईल हे दाखवावे लागते. पण हे सांगायला राज्य माहिती आयोगाच्या कोकण खंडपीठाकडे दुसरे अपील करावे लागते, आणि तिथली रांग लांब असते. तक्रार आधी की कागद आधी, या साध्या क्रमाने जवळजवळ एक वर्ष खाल्ले.

कामाची जागेवर पाहणी करण्याचा आणि साहित्याचे प्रमाणित नमुने घेण्याचा हक्कही याच कायद्यात आहे. तो वापरायचे कोणालाच सुचले नाही. फोटो पुष्कळ होते. ते ज्यांनी काढले त्यांच्या मोबाइलमध्ये होते, आणि त्यातले दोन मोबाइल नंतर विकले गेले. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत लागणारे प्रमाणपत्र त्या फोटोंसाठी मिळवताना पुढे बरीच धावपळ झाली.

गुरुजींचा सर्वांत आवडता पुरावा वेगळाच होता. मोजमापाची जी तारीख पुस्तिकेत होती, त्या दिवशी अमावस्येचे उधाण होते. पायथा पाण्याखाली असताना पिचिंग मोजलेच कसे, असा त्यांचा प्रश्न होता. तो गावात सर्वांना पटला, वर्तमानपत्रातही छापून आला. पुढे ज्या वकीलबाईंनी प्रकरण हाती घेतले त्यांनी तो मुद्दा पहिल्याच बैठकीत काढून टाकला. उधाणाच्या दिवशी भरती जितकी वर चढते, तितकी ओहोटीही खाली उतरते. भरतीनंतर सहा तासांनी पायथा एरवीपेक्षा जास्त उघडा पडतो. समोरचा वकील ओहोटीची वेळ दाखवून मोकळा झाला असता, आणि तक्रारदार अतिशयोक्ती करतात असे चित्र पहिल्या तारखेलाच उभे राहिले असते.

दुसरी कृती: उच्च न्यायालय

वकीलबाई येण्याआधीच मंडळाने मुंबईतील दुसऱ्या वकिलांमार्फत २०२३ च्या मध्यास जनहित याचिका दाखल केली होती. याचिकेतील विनंती अशी होती: या परिसरातील गेल्या दहा वर्षांच्या सर्व बंधारा कामांची चौकशी सीबीआयमार्फत किंवा विशेष तपास पथकामार्फत व्हावी, दोषींवर कारवाई व्हावी, बाधितांना भरपाई मिळावी आणि बंधारा तातडीने दुरुस्त व्हावा. जोडलेले कागद एका बंधाऱ्याचे होते, तर मागणी डझनभर बंधाऱ्यांची.

याचिका तीन ठिकाणी अडकली. पहिली अडचण पर्यायी मार्गाची. एफआयआर नोंदवली जात नाही म्हणून थेट उच्च न्यायालयात येऊ नये, न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जावे, असे सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वसू प्रकरणात २००७ साली सांगितले आहे आणि महाराष्ट्रातूनच गेलेल्या सुधीर तांबे प्रकरणात तेच पुन्हा ठसवले आहे. सरकारी वकिलांना यापलीकडे फारसे बोलावे लागले नाही. दुसरी अडचण मागणीच्या रुंदीची. काही सापडते का ते पाहण्यासाठी चौकशी लावा, असे न्यायालयाला सांगता येत नाही.

तिसरी अडचण गावाने स्वतः ओढवून घेतली. मुंबई उच्च न्यायालयाच्या २०१० च्या जनहित याचिका नियमांप्रमाणे याचिकाकर्त्याने आपला वैयक्तिक हितसंबंध शपथेवर उघड करायचा असतो. काकींची जमीन बंधाऱ्याच्या आत होती, आणि सचिवांच्या भावाने ग्रामपंचायत निवडणूक ठेकेदाराच्या नातलगाविरुद्ध लढवली होती. याचिकेत यांपैकी काहीच नव्हते. ठेकेदाराने उत्तरादाखल दिलेल्या प्रतिज्ञापत्रात निवडणुकीचा निकाल आणि सातबारा दोन्ही जोडले. जमीन असणे हा दोष नव्हता. बाधित शेतकरी म्हणून काकी स्वतःच्या हक्कासाठी उच्च न्यायालयात साधी रिट याचिका करू शकल्या असत्या आणि तिथे तीच जमीन त्यांचे बळ ठरली असती. जनहिताच्या झग्याखाली ती लपवली गेल्याने संशयाचे कारण झाली.

२०२४ च्या सुरुवातीला खंडपीठाने याचिका फेटाळण्याचा कल दाखवला तेव्हा दुसरा निर्णयाचा क्षण आला. एक मत असे होते की लढू द्या, फेटाळली तर सर्वोच्च न्यायालयात जाऊ. तोपर्यंत मदतीला आलेल्या वकीलबाईंनी याचिका मागे घेण्याचा आणि कायद्यातील अन्य मार्ग वापरण्याची मुभा आदेशात लिहून घेण्याचा सल्ला दिला. फेटाळणीच्या आदेशात गुणदोषांवर एखादे वाक्य आले असते, तर ते खालच्या न्यायालयात प्रत्येक तारखेला वाचून दाखवले गेले असते. गावाने सल्ला मानला. माझ्या मते या सगळ्या प्रवासातला सर्वांत शहाणपणाचा निर्णय हाच, आणि गावात मात्र तो पराभव म्हणून सांगितला गेला. त्याच आदेशात दुरुस्तीचा प्रस्ताव विचाराधीन असल्याचे सरकारी वकिलांचे निवेदन नोंदवले गेले. त्या एका ओळीचा पाठपुरावा करून २०२४ च्या उन्हाळ्यात नव्या निधीतून भगदाड बुजले. बंधाऱ्यासाठी दोन वर्षे जे झाले नाही ते या ओळीने झाले, आणि त्याचा सीबीआयशी काही संबंध नव्हता.

तिसरी कृती: न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे अर्ज

वकीलबाईंनी अर्ज नव्याने बांधताना आधी वजाबाकी केली. मागणी एका बंधाऱ्यापुरती, एका देयकापुरती आणि तीन नावांपुरती ठेवली. भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियमाची कलमे मुद्दाम वगळली. त्यावर घरात आणि बाहेर वाद झाला, कारण लोकांच्या दृष्टीने हा भ्रष्टाचारच होता. ती कलमे लावायची तर विशेष न्यायाधीशांकडे जावे लागते. तशी खासगी तक्रार कोणीही नागरिक करू शकतो, हे १९८४ साली कोकणातल्याच एका माजी मुख्यमंत्र्यांच्या, बॅरिस्टर अंतुले यांच्या, खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवून दिले आहे. परंतु मंजुरीशिवाय लोकसेवकाविरुद्ध असा तपास सोपवता येत नाही, असे सांगणारा २०१३ चा निकालही समोर होता, आणि कलम १७-अ होतेच. अर्ज खोट्या नोंदी, विश्वासघात व फसवणूक एवढ्यावर उभा राहत असेल तर पहिल्याच पायरीवर मंजुरीच्या वादात का अडकायचे, हा वकीलबाईंचा हिशेब होता. तपासात पुढे काही निघाले तर कलमे वाढवता येतात.

त्याच वेळी, १ जुलै २०२४ पासून कायदे बदलले. गुन्हा २०२२ चा असल्याने कलमे जुन्या दंड संहितेचीच राहिली, पण अर्जाची पद्धत भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची लागू झाली. तिच्या कलम १७५(३) नुसार अर्जासोबत शपथपत्र आवश्यक आहे आणि आदेशाआधी पोलिसांचे म्हणणे विचारात घ्यायचे आहे. शपथपत्राचा आग्रह सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये प्रियांका श्रीवास्तव प्रकरणात धरला होता, आता तो कायद्यातच आला. कलम १७५(४) तर लोकसेवकांसाठीच आहे: पदाच्या कामातून उद्भवलेल्या तक्रारीत वरिष्ठ अधिकाऱ्याचा अहवाल मागवायचा आणि त्या लोकसेवकाचे म्हणणेही ऐकायचे. पोलीस अधीक्षकांना जुना अर्ज गेलेला असूनही नव्या कलमाचा उल्लेख करून तो पुन्हा पाठवण्यात आला. टप्पा गाळला, असा आक्षेप टाळण्यासाठी एवढे टपाल सोसण्यासारखे होते.

अर्जाचा कणा मात्र एका नव्या कागदाने तयार झाला. पिचिंगचा दगड खाणीतून येतो, त्यावर शासनाला स्वामित्वधन, म्हणजे रॉयल्टी, भरावे लागते आणि वाहतुकीचा परवाना घ्यावा लागतो. या पावत्यांची नोंद महसूल विभागाकडे असते, बांधकाम करणाऱ्या कार्यालयाकडे फक्त प्रती येतात. गुरुजींनी तहसील कार्यालयाकडून या कामाच्या रॉयल्टीच्या पावत्या आणि वाहतूक परवाने मिळवले. त्यातला दगड मोजमाप पुस्तिकेतल्या दगडाच्या जवळपास तिसऱ्या हिश्श्याएवढा होता. विनापावती दगडाबद्दल देयकातून कपात झाली असावी, ही शक्यता वकीलबाईंनी आधीच तपासली. देयकात तशी कपात नव्हती.

लेखी म्हणणे देताना कनिष्ठ अभियंत्याने अपेक्षित खुलासा केला: उरलेला दगड नवीन नव्हता, वादळात ढासळलेल्या जुन्या पिचिंगचाच दगड उचलून पुन्हा बसवला. खुलासा अशक्य नव्हता, अशा दुरुस्त्यांत तसे करतातही. पण देयकात संपूर्ण परिमाणाला नव्या दगडाचा, वाहतुकीसह दर लावलेला होता. दगड नवा असेल तर तो खाणीतून आल्याची नोंद नाही, आणि जुना असेल तर नव्याचे पैसे उचलले. दोहोंपैकी कोणतेही खरे मानले तरी पुस्तिकेतली नोंद आणि देयक यांचा मेळ बसत नव्हता. मघापर्यंत ग्रामस्थांचा शब्द विरुद्ध अधिकाऱ्याचा शब्द असे जे प्रकरण होते, ते आता एका सरकारी कार्यालयाचा कागद विरुद्ध दुसऱ्या सरकारी कार्यालयाचा कागद असे झाले. न्यायालयापुढच्या सुनावणीचा सूर इथून पालटला.

वरिष्ठांचा अहवाल येईपर्यंत अनेक तारखा गेल्या. दरम्यान कार्यकारी अभियंता बदलून आले होते. नव्या अधिकाऱ्यांनी दक्षता व गुणनियंत्रण शाखेकडून बंधाऱ्यावर चाचणी खड्डे घेऊन अहवाल दिला: नव्या दुरुस्तीचा भाग सोडल्यास, पिचिंग बंधाऱ्याच्या काही भागातच आढळते. दोष कोणाचा यावर अहवाल गप्प होता. पण तपासाचा आदेश देण्यासाठी दोषनिश्चिती लागत नाही, दखलपात्र गुन्हा दिसणे पुरते. २०२५ च्या मध्यास न्यायदंडाधिकाऱ्यांनी ठेकेदार आणि दोन्ही अभियंत्यांविरुद्ध एफआयआर नोंदवून तपास करण्याचा आदेश दिला. विलंबाबाबत आक्षेप होता. तो उच्च न्यायालयात गेलेला काळ आणि अपिलांच्या तारखा दाखवून दूर झाला.

निष्पत्ती

एफआयआर नोंदवली गेली आणि अभियंत्यांनी ती रद्द करण्यासाठी उच्च न्यायालय गाठले. १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांची प्रकरणे कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात, त्यामुळे सुनावणी तिथे झाली. गावासाठी हा फरक मोठा आहे. मुंबईची तारीख म्हणजे रात्रीची गाडी आणि कोणाच्या तरी चाळीतला मुक्काम, तर आंबा घाटाने कोल्हापूर गाठून संध्याकाळी परत येता येते. न्यायालयाने तपासाला स्थगिती दिलेली नाही, अभियंत्यांना अटकेपासून अंतरिम संरक्षण आहे. मूळ मोजमाप पुस्तिका जप्त झाली असून सह्यांची तपासणी चालू आहे. आरोपपत्र अद्याप दाखल झालेले नाही.

विभागीय कारवाईचे फळ विषम निघाले. कनिष्ठ अभियंत्याविरुद्ध १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतील नियम ८ खाली चौकशी सुरू झाली. तपासल्याची सही करणारे उपअभियंता २०२३ मध्येच निवृत्त झाले होते. निवृत्तिवेतन नियमांतील नियम २७ प्रमाणे निवृत्तीनंतर विभागीय चौकशी सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी असून चालत नाही. मंजुरीची फाइल फिरत राहिली आणि मार्च २०२६ मध्ये मुदत उलटली. फौजदारी बाजूला ही अडचण नाही, कारण तीन वर्षांपेक्षा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांना मुदतीची मर्यादा लागू होत नाही. त्यामुळे ज्याच्या सहीने पैसे सुटले तो खात्याच्या हातून निसटला, तरी पोलीस तपासात आरोपी आहे.

शेतीची भरपाई मिळाली नाही. ती मागणी जनहित याचिकेत इतर मागण्यांखाली दबली आणि नंतर स्वतंत्रपणे केलीच गेली नाही.

वेगळे काय करता आले असते

विलंबाचा सगळा दोष यंत्रणेवर टाकणे सोपे आहे आणि बराचसा तो तिथेच आहे. तरीही गावाच्या हातातले काही निर्णय तपासण्याजोगे आहेत. बंधारा आणि गुन्हा या दोन मागण्या पहिल्या दिवशी वेगळ्या झाल्या असत्या, तर काकींच्या नावे केवळ दुरुस्तीसाठी रिट याचिका २०२२ च्या दिवाळीनंतर लगेच करता आली असती. तिच्यात कोणावर आरोप नसता, म्हणून खात्याला स्वतःचा बचाव करण्याचे कारणही नसते. दुरुस्ती मागणाऱ्या नागरिकाला खाते जितक्या लवकर उत्तर देते, तितक्या लवकर ते गुन्हा मागणाऱ्याला देत नाही. भरपाईची मागणीही त्याच याचिकेत शोभली असती.

पुरावा गोळा करण्याचा काळ तक्रारीच्या आधीचा असतो, हे या प्रकरणात उशिरा उमगले. फुटलेल्या बंधाऱ्याची पाहणी माहितीच्या अधिकारात जुलै-ऑगस्टमध्येच मागता आली असती. रॉयल्टीच्या पावत्या तहसीलमध्ये पहिल्या दिवसापासून होत्या. त्या मागायला कोणाचीही परवानगी लागत नव्हती, फक्त दगड कुठून आला हा प्रश्न पडायला हवा होता. गावातल्या ट्रकचालकाला तो पहिल्याच दिवशी पडला असता. बैठकीला त्याला कोणी बोलावले नाही.

भ्रष्टाचाराची कलमे वगळण्याच्या निर्णयाबाबत मी अजून पूर्ण निःशंक नाही. त्यामुळे मंजुरीचा वाद पहिल्या पायरीवर टळला, हे खरे. पण तपास लाचलुचपत विभागाऐवजी तालुक्याच्या पोलिसांकडे गेला, आणि अंदाजपत्रक, दरसूची, मोजमाप पुस्तिका यांची सवय नसलेल्या अधिकाऱ्याला ती शिकत शिकत काम करावे लागत आहे. तपास विशिष्ट दर्जाच्या अधिकाऱ्याकडे किंवा आर्थिक गुन्हे शाखेकडे सोपवण्याची विनंती पोलीस अधीक्षकांना करता आली असती. ती आता करण्यात आली आहे आणि निर्णय प्रलंबित आहे.

निवृत्त होणाऱ्या अधिकाऱ्याची तारीख गावात सर्वांना माहीत होती, निरोप समारंभाचा फलक नाक्यावर लागला होता. त्या वेळी विभागाला केवळ नियम २७ ची मुदत दाखवणारे एक पत्र आणि त्या पत्राच्या पाठपुराव्यासाठी वेगळी रिट याचिका एवढे पुरले असते. फौजदारी अर्ज चालू आहे म्हणून विभागीय कारवाई थांबवावी लागत नाही. दोन्ही एकाच वेळी चालू शकतात, आणि विभागीय चौकशीत पुराव्याचा निकष फौजदारी खटल्याइतका कडक नसतो.

नव्या दुरुस्तीच्या वेळी ग्रामसभेने ठराव करून पिचिंग बसण्याआधी आणि बसल्यानंतर ग्रामस्थांच्या उपस्थितीत मोजणी करण्याची मागणी केली. नियमांत तशी सक्ती नाही, पण कार्यकारी अभियंत्यांनी ती मान्य केली. मोजणीच्या दिवशी गुरुजी फितीचे एक टोक धरून उभे होते, काकींनी आकडे वहीत उतरवून घेतले, आणि त्या पानांची साक्षांकित प्रत आता ग्रामपंचायतीच्या दप्तरात आहे.